कल्पित जगातला पहिला तारा

तुमच्या कथेतल्या कल्पित जगासाठी तुम्ही एक तारा घडवताय. त्याचा निळा रंग, नाव, त्याची देवी, सगळं ठरवलंत, सुरुवात छान आहे. आता एक ठरवा: हा तारा वर्षातले किती दिवस दिसतच नाही?

नवे लेखक बहुधा इथेच चुकतात. त्यांचा तारा कायम डोक्यावर लटकलेला असतो. खरा तारा रोज साधारण 4 मिनिटं लवकर उगवतो आणि ध्रुवाजवळचा नसेल तर बहुधा काही काळ सूर्याच्या उजेडात हरवतो. प्राचीन इजिप्तमध्ये व्याध तारा सुमारे 70 दिवस दिसेनासा व्हायचा. पहाटे तो पुन्हा दिसला की नाईलचा पूर जवळ आला असं लोक समजत. तुमच्या जगातली म्हातारी अंधारात क्षितिजाकडे डोळे लावून बसली असेल, तर कशासाठी? पेरणीसाठी, की समुद्रावर गेलेल्या मुलासाठी?

सध्या एवढंच करा:
- तारा कुणाच्या रोजच्या कामाचा, ते ठरवा. पुजारी नंतर.
- त्याच्यावरून एक शपथ आणि एक शिवी घडवा. याने भाषा लगेच जिवंत होते.
- सगळ्यांना एकच दंतकथा देऊ नका. डोंगरातल्यांना शुभ, तर किनाऱ्यावर अशुभ असू दे.

अंतर, तापमान, वर्णपट आत्ता बाजूला ठेवा. आधी त्या म्हातारीची पहाट दहा ओळींत लिहा.