खांद्यावरची चार बोटं

प्रश्न : आमचे आजोबा निजामाच्या मुलखातले, तुळजापूरकडचे. १९४८ साली रझाकारांनी त्यांच्या धाकट्या भावाला मारलं आणि ते रातोरात सोलापूरला आले. त्यांचा एकुलता एक फोटो आता सापडलाय. शेजारी रुमी टोपीतले त्यांचे गावचे एक मुसलमान दोस्त बसलेत. त्यांचं पुढे काय झालं, आजोबांनी कधीच सांगितलं नाही. आमचे दादा म्हणतात, भिंतीवर लावायचा तर आधी त्या माणसाला काढून टाका. काढावं का?
– एक वाचक, ७० फूट रोड, सोलापूर

उत्तर : ताई, काढू नका.

तुम्ही पाठवलेली प्रत भिंगाखाली बघितली. आजोबांच्या खांद्यावर त्या दोस्ताची चार बोटं आहेत. नवी पेठेत ३८ वर्षं स्टुडिओ चालवला, म्हणून सांगतो : माणूस काढला की ती बोटंही काढावी लागतात, आणि त्यांच्याखाली दबलेली कोटाची चुणी कॉम्प्युटरवर नव्याने रचावी लागते. तो मग आजोबांचाही फोटो उरत नाही.

दादांचा राग मला कळतो. घरातला माणूस गेलाय. पण त्याच वर्षी सप्टेंबरात संस्थान भारतात आणण्यासाठी लष्कराची पोलीस ॲक्शन झाली आणि तिच्यामागोमाग मुसलमानांच्या कत्तली झाल्या. भारत सरकारनेच चौकशीला पाठवलेल्या सुंदरलाल समितीने संस्थानभरातल्या मृतांचा आकडा कमीत कमी २७ ते ४० हजार धरला. तो अहवाल कित्येक दशकं दाबून ठेवला गेला. ते दोस्त त्यात गेले की वाचले, कुणास ठाऊक. आजोबा बोलले नाहीत, पण फोटो त्यांनी फाडलाही नाही. जन्मभर जपला.

फोटोने मनं जुळतात, असं मी म्हणणार नाही. रवांडात १९९४ साली शंभर दिवसांत तुत्सी जमातीचे लाखो लोक मारले गेले. वीस वर्षांनी पीटर ह्यूगो या दक्षिण आफ्रिकी फोटोग्राफरने मारेकरी आणि त्यांच्या हातून होरपळलेली माणसं यांचे जोडीने फोटो काढले. माफी मागून, देऊन झाली होती. तरी काही जोड्या गप्पा मारत बसल्या, तर काहींना फोटोपुरतं शेजारी येणंच जेमतेम जमलं. तेवढंही पुष्कळ होतं.

मूळ फोटोला पाणी किंवा डिंक लावू नका. ६०० डीपीआयवर स्कॅन करा. मागे मऊ पेन्सिलीने दोघांची नावं, गाव, साल लिहा. दोस्ताचं नाव गावातल्या एखाद्या म्हाताऱ्याला विचारा. घरचे सापडले, तर एक प्रत त्यांना द्या. त्यांच्याकडे कदाचित एकही फोटो नसेल.

दादांना घाई करू नका. भिंतीवर यंदा नाही लागला तरी चालेल.