गुन्हेगार पडद्यावर न दाखवता संघटित गुन्हेगारीचा सामान्य जीवनावरील परिणाम माहितीपटातून दाखवता येतो का?

होय, नक्कीच दाखवता येतो, आणि तातियाना उएसो या दिग्दर्शिकेचा मेक्सिकोत चित्रित झालेला ‘तेंपेस्ताद’ (२०१६) हा माहितीपट पाहिल्यावर त्याविषयी मला शंका उरली नाही. कानकुन विमानतळावर काम करणाऱ्या एका निरपराध स्त्रीला मानवी तस्करीच्या आरोपाखाली अटक होते आणि तिची रवानगी मातामोरोस येथील अशा तुरुंगात होते, ज्याचा कारभार प्रत्यक्षात गुन्हेगारी टोळीच चालवते आणि जिथे जिवंत राहण्यासाठी कैद्यांच्या घरच्यांना पैसे मोजावे लागतात. ही हकिगत आपण केवळ तिच्या आवाजात ऐकतो. पडद्यावर मात्र तिच्या परतीच्या वाटेवरची बस, पावसाळी आभाळ, पेंगणारे प्रवासी आणि तपासणी नाक्यांवरचे सशस्त्र जवान दिसत राहतात. निवेदन करणारीचा चेहरा समोर नसल्यामुळे खिडकीशी बसलेली कोणतीही अनोळखी बाई तीच असू शकेल असे वाटू लागते, आणि ही असुरक्षितता कुणा एकीची नसून सगळ्यांची आहे हे निवेदकाने न सांगताही उमगते. बेपत्ता मुलीचा शोध घेणाऱ्या, सर्कशीत विदूषकाचे काम करणाऱ्या आईची दुसरी कथाही यात आहे. ती मात्र कॅमेऱ्यासमोर येते. अर्थात, टोळ्यांची रचना, त्यांचे अर्थकारण किंवा राजकीय लागेबांधे समजून घ्यायचे असतील, तर हा माहितीपट अपुरा पडेल. त्यासाठी शोधपत्रकारितेकडेच वळावे लागेल.