गाव सुटलं, आडनाव लागलं

इंग्रजी आडनावांविषयी आलेल्या प्रश्नांपैकी गावं, डोंगर, झाडं यांच्याशी नातं असलेली आडनावं यावेळी निवडली आहेत.

प्रश्न : मुलगी तीन वर्षं इंग्लंडमध्ये यॉर्कला आहे. तिथे यॉर्क आडनावाचं एकही माणूस तिला भेटलं नाही. मग हे आडनाव आलं कुठून? (सोलापूर)

यॉर्कमधूनच आलं, पण ते धरलं यॉर्क सोडून गेलेल्यांना. आपल्याकडचंच बघा. साताऱ्यात कुणी कुणाला सातारकर म्हणून हाक मारत नाही, कारण तिथे सगळेच साताऱ्याचे. त्यातला एक पुण्यात येऊन दुकान थाटतो, तेव्हा आळीतले लोक त्याला सातारकर म्हणू लागतात. तेराव्या-चौदाव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये हेच घडलं. जॉन, विल्यम, रॉबर्ट अशी मोजकीच नावं असायची, एका वस्तीत तीन-तीन जॉन निघायचे. मग यॉर्कहून आलेला तो 'जॉन ऑफ यॉर्क'. पुढे मधला शब्द गळला आणि मुलांनाही तेच चिकटलं. इसवी सन १४०० च्या आसपास, विशेषतः दक्षिण इंग्लंडमध्ये, बहुतेक कुटुंबांची आडनावं अशी वंशपरंपरागत झालेली दिसतात.

जमीनदारांची गोष्ट मात्र वेगळी. १०६६ मध्ये इंग्लंड जिंकून आलेले नॉर्मन सरदार आपल्या मालकीच्या गावांची नावं लावत. पर्सी या बड्या घराण्याचं नाव नॉर्मंडीतल्या पर्सी गावाचं आहे. म्हणून गावाचं आडनाव दिसलं की मला आधी विचारावंसं वाटतं, हे कुटुंब त्या गावाचं मालक होतं, की तिथून पोट भरायला बाहेर पडलेलं? बहुतेक वेळा दुसरंच खरं असतं, आणि मला तीच माणसं जास्त जवळची वाटतात.

प्रश्न : न्यूटन, हटन, अॅथर्टन, वॉशिंग्टन. या सगळ्यांतलं 'टन' एकच का? आणि जगातले सगळे न्यूटन एकमेकांचे भाऊबंद का? (कोल्हापूर)

'टन' एकच. जुन्या इंग्रजीत 'टून' म्हणजे कुंपण घातलेली जागा, मग वाडी, मग गाव. हटन म्हणजे डोंगराच्या सोंडेवरची वाडी. अॅथर्टन हे जुन्या लँकेशरमधलं गाव, एथेलहेअर नावाच्या कुणाची तरी वाडी. त्याच लँकेशरने क्रिकेटला मायकेल अॅथर्टन दिला. न्यूटन म्हणजे सरळ नवं गाव, आपलं नवेगाव. आता नवी वस्ती कुठे होत नाही? इंग्लंडभर न्यूटन नावाची गावं विखुरलेली आहेत आणि प्रत्येकातून कुणी ना कुणी बाहेर पडलं. त्यामुळे दोन न्यूटन समोरासमोर आले तरी नातं निघेलच असं नाही. नॉर्मनांबरोबर आलेलं नेव्हिल हे आडनावही फ्रेंचमधलं नवं गावच.

वॉशिंग्टनवर मात्र थोडं थांबायला हवं. इंग्लंडच्या ईशान्येला डरहॅम परगण्यात वॉशिंग्टन नावाचं गाव होतं, ह्वॅसा नावाच्या माणसाच्या लोकांची वाडी. बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात विल्यम डी हर्टबर्न नावाच्या जमीनदाराने आपली जुनी जहागीर देऊन ही घेतली आणि गाव बदलताच आडनावही बदललं. हर्टबर्न गेलं, वॉशिंग्टन आलं. त्याच वंशातला जॉन १६५६ च्या सुमारास व्हर्जिनियात पोचला. त्याचा पणतू जॉर्ज अमेरिकेचा पहिला अध्यक्ष झाला आणि त्याच्या नावाने राजधानी वसली. ह्वॅसा कोण, काय करत होता, याची कुठे ओळभरही नोंद नाही, पण आज त्याचं नाव साऱ्या जगाच्या तोंडी आहे.

प्रश्न : नॅश आणि नोक्स या आडनावांचा अर्थ कोशात सापडत नाही. (नागपूर)

सापडणार नाही, कारण पहिलं अक्षर उसनं आहे. अॅशच्या झाडापाशी राहणारा तो 'अॅटन अॅश', ओकच्या झाडांपाशी राहणारा 'अॅटन ओक्स'. भरभर बोलताना 'अॅटन'मधला 'न' पुढच्या शब्दाला चिकटला आणि नॅश, नोक्स तयार झाले. अॅटवूड (रानाजवळचा) आणि अंडरहिल (डोंगराखालचा) यांत मात्र जोड उघड दिसतो. आपल्या ओक आडनावाचा या झाडाशी काही संबंध नाही, हेही सांगून टाकतो, कारण तो प्रश्न नेहमी येतो.

प्रश्न : ऑफिसातल्या एका इंग्रज सहकाऱ्याचं आडनाव लाँगबॉटम आहे. लोक मागून हसतात. खरा अर्थ काय? (पुणे)

हसणाऱ्यांना जरूर सांगा. जुन्या इंग्रजीत 'बॉटम' म्हणजे दरीचा तळ, दोन डोंगरांमधली ओलसर सखल जमीन. यॉर्कशर, लँकेशर, चेशर या भागांत पेनाइन डोंगररांगेच्या कुशीत अशा दऱ्या पुष्कळ, म्हणून ही आडनावंही तिथलीच. लाँगबॉटम म्हणजे लांब दरी, साइडबॉटम म्हणजे रुंद दरी, रोबॉटम म्हणजे खडबडीत दरी. इयन बॉथमचं आडनावही याच शब्दाचं उत्तरेकडचं रूप. बॉटमचा शरीराशी जोडला जाणारा अर्थ बराच नंतरचा आहे. तोवर ही आडनावं पिढ्यान्‌पिढ्या रुळलेली होती. ज्या दरीत पूर्वज नांगर धरत होते, तिचं नाव कुणी लावत असेल तर त्यात लाजण्यासारखं काय आहे?

प्रश्न : रडयार्ड किपलिंग आपल्या मुंबईत जन्मला. त्याचं आडनाव गावाचं की माणसाचं? (ठाणे)

गावाचं. उत्तर यॉर्कशरमध्ये किप्लिन नावाचं छोटं गाव आहे, तिथून ते आलं. गंमत म्हणजे त्याचं पहिलं नावही जागेचंच. स्टॅफर्डशरमध्ये रडयार्ड नावाचं तळं आहे, त्याच्या काठी त्याच्या आईवडिलांची ओळख झाली. पुढे वडील जे. जे. कला शाळेत शिकवायला मुंबईला आले आणि ३० डिसेंबर १८६५ रोजी मुलगा झाला, तेव्हा त्यांनी त्याला त्या तळ्याचं नाव ठेवलं.