कप कोणत्या शब्दावर उचलायचा

प्रिय मित्रा,

मालिकेत नायिकेच्या मोठ्या दिराचं काम मिळालं, महिन्याला आठ-दहा दिवस आहेत, हे कळलं. फार आनंद झाला. बहुतेक प्रसंगांत तुला चारच वाक्यं असतील आणि बाकी वेळ तू सोफ्यावर बसलेला असशील. त्या बसण्याबद्दलच आधी लिहितो.

प्रसंगाचा आधी मास्टर घेतात, सगळे एका चौकटीत. मग एकेकाचे क्लोज, म्हणजे जवळून चेहरा. मास्टरमध्ये तू चहाचा कप ‘आई’ या शब्दावर उचललास आणि क्लोजमध्ये ‘घर’वर, तर तुकडे जुळत नाहीत. नायिकेचं असं झालं तर संकलक काहीतरी वाट काढतो, कारण ती कथेला लागतेच. तुझं झालं तर तो तुझा क्लोज सरळ गाळतो. चांगली कामं अशीच वाया जातात. म्हणून तालमीत दोनच कृती पक्क्या कर: एका शब्दावर कप उचलायचा, एका शब्दावर ठेवायचा. कागदावर त्या शब्दांखाली रेघ मार. जेवणाचा प्रसंग असला तर घास अगदी लहान घे आणि आपल्या वाक्याआधी गिळ. आठ टेक झाले तर आठ वेळा तेच खायचं असतं.

अर्धा प्रसंग आज आणि उरलेला चार दिवसांनी, हे नेहमीचंच. पॅकअपनंतर कपडे बदलण्याआधी मोबाइलवर स्वतःचा फोटो काढ: बाही किती दुमडली होती, घड्याळ कोणत्या हातात, वरचं बटण उघडं की बंद. सहायक दिग्दर्शक नोंद ठेवतो, पण त्याच्या डोक्यावर बारा माणसं असतात.

ऐकताना मान डोलावू नकोस. नवखे नट प्रत्येक वाक्याला ‘हो हो’ करतात आणि तो तुकडा कुठेच लावता येत नाही. समोरच्याच्या कॅमेऱ्याकडच्या डोळ्यात बघ, म्हणजे तुझे दोन्ही डोळे दिसतात. त्याचं वाक्य संपल्यावर क्षणभर थांबून बोल. शब्द एकमेकांवर चढले की आवाज कापता येत नाही. त्याचा क्लोज चालू असताना निघून जाऊ नकोस. तितकाच जीव तोडून क्यू दे, म्हणजे त्याच्या वाक्याआधीचं तुझं वाक्य.

‘सहायक’ या शब्दाने खट्टू होऊ नकोस. राष्ट्रीय पुरस्कारांत हा विभागच १९८४ सालच्या चित्रपटांपासून आला आणि सहायक अभिनेत्रीचा पहिला मान रोहिणी हट्टंगडी यांना ‘पार्टी’साठी मिळाला. तो चित्रपट आवाज बंद करून बघ. नजर फक्त त्यांच्यावर ठेव.

गावाकडचं पात्र आलं तर ‘व्हय’, ‘न्हाय’ पेरून भागवू नकोस. वऱ्हाडी किंवा मालवणी, एक बोली नीट शीक.

आता पैसे, कारण बरेच जण इथेच मोडतात. मानधन दिवसावर ठरतं आणि हातात यायला साधारण ९० दिवस लागतात. जूनमधलं काम सप्टेंबरात. तोवरचं घरभाडं आणि प्रवास आधीच बाजूला हवा, शक्यतो सहा महिन्यांचा. दिवस किती तासांचा, जादा तासांचं काय, प्रवासखर्च कोणाचा, कपडे कोणाचे, काम मिळवून देणाऱ्या समन्वयकाची टक्केवारी किती, हे सगळं काम सुरू होण्याआधी लेखी घे. वहीत रोज तारीख, आल्याची-गेल्याची वेळ आणि प्रसंग क्रमांक लिही. बिलावरून वाद झाला तर तीच वही कामाला येते. मानधनातून १० टक्के टीडीएस, म्हणजे आधीच कापलेला आयकर, जातो. उत्पन्न कमी असेल तर विवरणपत्र भरून तो परत मिळतो. कंटाळा करून सोडू नकोस. आणि ऑडिशनसाठी कोणी पैसे मागितले तर तिथून उठ.

नाटक सोडू नकोस, पण प्रयोगाच्या तारखा महिनाभर आधी निर्मिती विभागाला लेखी कळव. रविवारी दादरच्या शिवाजी मंदिर नाट्यगृहात चारचा प्रयोग असेल तर त्या दिवशी ठाण्याच्या घोडबंदर रोडवरच्या सेटवर ‘अर्धा दिवस येतो’ म्हणू नकोस. दुपारी बारा वाजता तुझा प्रसंग अजून लागलेला नसतो, आणि दादरला पडदा तुझ्यासाठी थांबलेला असतो.

पहिलं कॉलशीट, म्हणजे कोणी किती वाजता यायचं तो कागद, आलं की कळव.

सस्नेह