बालसंरक्षणाचे काम आणि त्यातले राजकारण : एका विद्यार्थिनीच्या पत्राला उत्तर

सप्रेम नमस्कार,

तुमचे पत्र मिळाले. समाजशास्त्राची पदवी यंदा पूर्ण होत असून पुढे समाजकार्याच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमाला प्रवेश घ्यावा आणि त्यात बालसंरक्षण हा विशेष विषय निवडावा, असे तुमच्या मनात आहे. वडिलांचा याला विरोध आहे आणि त्यांचे म्हणणे तुम्ही त्यांच्याच शब्दांत कळवले आहे : ‘मूल घरातून काढले तर घर मोडले म्हणून ठपका, नाही काढले आणि काही विपरीत घडले तर झोपला होतात का म्हणून ठपका. वर राजकारण आहेच.’ त्यावर तुम्ही मला दोन गोष्टी विचारल्या आहेत. राजकारणापासून दूर राहून केवळ मुलांसाठी हे काम करता येईल का, आणि सोबत कायद्याचीही पदवी घ्यावी का?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ असे आहे आणि ते मी मुद्दाम आधीच देतो. वडिलांनी जे पाहिले आहे ते बरोबर आहे. मात्र त्यावरून हे क्षेत्र सोडून द्यावे, हा त्यांचा निष्कर्ष मला पटत नाही.

येथे राजकारण म्हणजे पक्ष आणि निवडणुका एवढेच अभिप्रेत नाही. कोणत्या घरांवर शासनाची नजर असावी, कशाला हानी म्हणावे, पैसा कुटुंब सावरण्यावर खर्च व्हावा की मुलांना बाहेर ठेवण्यावर, हे ठरवणे म्हणजेच राजकारण, आणि त्याचा शेवट एखाद्या घराच्या उंबरठ्यावर उभ्या असलेल्या समाजकार्यकर्तीच्या निर्णयात होतो. आईवडिलांपासून मूल वेगळे करण्याची प्रक्रिया सुरू करण्याचा अधिकार फार थोड्या व्यवसायांना असतो. संयुक्त राष्ट्रांच्या 1989 च्या बालहक्क करारातील कलम 19 सांगते की, पालकांच्या हातून होणाऱ्या हिंसेपासून आणि दुर्लक्षापासून शासनाने मुलाचे रक्षण करावे. त्याच करारातील कलम 9 सांगते की, मुलाच्या हितासाठी आवश्यक आहे असे सक्षम यंत्रणेने ठरवल्याशिवाय, आणि न्यायालयीन तपासणीला वाव ठेवल्याशिवाय, मुलाला पालकांच्या इच्छेविरुद्ध त्यांच्यापासून वेगळे करू नये. ही दोन्ही कलमे एकाच दिवशी, एकाच घरात, एकाच मुलाला लागू होतात, आणि तुमची नोकरी नेमकी त्या दोहोंच्या मध्ये असते.

हा प्रश्न सार्वजनिक चर्चेत कसा आला, हे तुम्ही अभ्यासक्रम सुरू होण्याआधीच वाचावे, कारण आजच्या अनेक अडचणींचे मूळ तेथे आहे. 1962 साली अमेरिकेत डॉ. हेन्री केम्प आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मारहाण झालेल्या मुलांच्या लक्षणांविषयी एक वैद्यकीय निबंध प्रसिद्ध केला आणि त्यानंतर काही वर्षांतच तेथील जवळपास सर्व राज्यांनी अशी प्रकरणे कळवणे बंधनकारक करणारे कायदे केले. पुढे 1971 मध्ये सिनेटर वॉल्टर माँडेल यांनी पुढाकार घेतलेले, सर्व थरांतील कुटुंबांना बालसंगोपनाच्या सोयी देऊ पाहणारे विधेयक राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी नकाराधिकार वापरून रोखले. त्यानंतर माँडेल यांनी बालछळ रोखण्याचे विधेयक आणले, आणि ते गरिबांसाठीची आणखी एक योजना म्हणून नाकारले जाऊ नये यासाठी, बालछळ सर्वच वर्गांत होतो आणि तो गरिबीचा प्रश्न नाही, ही मांडणी जाणीवपूर्वक केली. त्या विधेयकावर निक्सन यांनी जानेवारी 1974 मध्ये स्वाक्षरी केली. राजकीय डावपेच म्हणून ही मांडणी यशस्वी झाली, पण तिची किंमत मोठी होती. घरभाडे, मजुरी, पाळणाघर हे विषय चर्चेतून बाजूला पडले आणि उरले ते वाईट किंवा आजारी पालक आणि त्यांना शोधून काढणारी यंत्रणा. आज त्याच देशात या यंत्रणेकडे नोंदल्या जाणाऱ्या प्रकरणांत सर्वाधिक वाटा मारहाणीचा नसून दुर्लक्षाचा आहे, आणि ती प्रकरणे मोठ्या प्रमाणावर गरीब घरांतून येतात.

याचा तुमच्या रोजच्या कामाशी संबंध कसा येतो, ते एका उदाहरणाने सांगतो. समजा, रात्री नऊ वाजता गृहभेटीला गेल्यावर आठ वर्षांची मुलगी दोन वर्षांच्या भावाला घेऊन एकटी बसलेली दिसली. अहवालात ‘आईचे मुलांकडे दुर्लक्ष आहे, घरात प्रौढ व्यक्ती नाही’ असे लिहिता येते. त्याच प्रसंगाविषयी असेही लिहिता येते : ‘आई संध्याकाळी सहा ते रात्री दोन या पाळीत काम करते. शेजारीण दर तासाला डोकावते. मुलीला शेजारणीचे दार कोणते ते माहीत आहे. मुले जेवलेली होती. मुलीच्या दंडावर जुना व्रण आहे, त्याचे कारण विचारले असता ती गप्प राहिली.’ पहिल्या अहवालात आईवर निकाल दिलेला आहे, पण तिच्या पाळीची वेळ नाही आणि मुलीच्या दंडावरचा व्रणही नाही. म्हणजे आईवर अन्याय होण्याची आणि मुलीची खरी इजा नजरेतून सुटण्याची शक्यता त्या एकाच वाक्यात आहे. दुसऱ्या अहवालावरून पाळी बदलून घेण्यासाठी किंवा पाळणाघरासाठी प्रयत्न करता येतात आणि व्रणाचा स्वतंत्र, तातडीने तपासही करता येतो. संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने 2009 मध्ये स्वीकारलेल्या पर्यायी संगोपनविषयक मार्गदर्शक तत्त्वांत, केवळ गरिबीच्या कारणावरून मूल घरातून काढू नये, असे स्पष्ट म्हटले आहे. ते तत्त्व प्रत्यक्षात पाळले जाते की नाही, हे अशा अहवालांतील वाक्यांवर अवलंबून असते.

आता वडिलांनी सांगितलेल्या ठपक्याविषयी. याचा सर्वांत सविस्तर नोंदला गेलेला इतिहास इंग्लंडचा आहे. मारिया कॉलवेल ही मुलगी नातेवाइकांकडे वाढत होती. तिला आईच्या घरी परत पाठवण्यात आले आणि शेजाऱ्यांनी, शिक्षकांनी चिंता कळवूनही जानेवारी 1973 मध्ये सावत्र वडिलांच्या मारहाणीत ती मरण पावली. चौकशी झाली आणि तिच्या समाजकार्यकर्तीवर लोकांचा रोष ओढवला. धडा असा घेतला गेला की, यंत्रणा फार सबुरीने वागते. 1987 मध्ये क्लीव्हलंड येथे काही महिन्यांतच 121 मुलांवर लैंगिक अत्याचार झाल्याचे निदान करण्यात आले, अनेकांना घरांतून काढण्यात आले आणि पुढे त्यांपैकी बहुतेक मुले घरी परतली. या वेळी धडा असा घेतला गेला की, यंत्रणा फार उतावीळपणे वागते. 2007 मध्ये लंडनच्या हॅरिंगे भागात पीटर कॉनेली हे 17 महिन्यांचे बाळ अनेक व्यावसायिकांच्या नजरेखाली असूनही घरातल्या छळाने मरण पावले. संबंधित कर्मचाऱ्यांना काढून टाका, या एका वृत्तपत्राच्या मागणीवर दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या आणि मंत्र्यांच्या आदेशावरून विभागप्रमुखांना पदावरून दूर करण्यात आले. ती प्रक्रिया अन्यायकारक होती, असा निर्णय अपील न्यायालयाने 2011 मध्ये दिला, पण तोवर देशभर मुलांना ताब्यात घेण्यासाठी न्यायालयात येणाऱ्या अर्जांत मोठी वाढ झालेली होती. एका गुन्ह्याच्या धक्क्यातून धोरण बदलणे भारतानेही पाहिले आहे. डिसेंबर 2012 च्या दिल्लीतील गुन्ह्यानंतर आलेल्या 2015 च्या बाल न्याय कायद्याने, जघन्य गुन्ह्यांत 16 ते 18 वयोगटातील मुलांवर प्रौढांप्रमाणे खटला चालवण्याची वाट मोकळी केली.

या घटनाक्रमाकडे पाहताना एक गोष्ट मला सतत अस्वस्थ करते. मूल घरात ठेवल्याने झालेली हानी एका छायाचित्रासह दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात येते. मूल विनाकारण घराबाहेर काढल्याने झालेली हानी दिसायला दशके लागतात, आणि ती सोसणारे बहुधा असे असतात की, ज्यांच्यासाठी सह्यांची मोहीम निघत नाही. ऑस्ट्रेलियात आदिवासी मुलांना कुटुंबांपासून तोडण्याचे धोरण अनेक दशके चालले. त्याचा अधिकृत चौकशी अहवाल 1997 मध्ये आला आणि संसदेत माफी मागितली गेली ती 2008 मध्ये. अमेरिकेत मूलनिवासी मुलांपैकी सुमारे एक चतुर्थांश ते एक तृतीयांश मुले कुटुंबांपासून वेगळी केली गेल्याचे पाहण्यांतून पुढे आल्यावर 1978 मध्ये स्वतंत्र कायदा करावा लागला. नेदरलँड्समध्ये बालसंगोपन भत्त्यात फसवणूक केल्याचा खोटा ठपका ठेवून हजारो कुटुंबांना कर्जात लोटण्यात आले, त्यांत परदेशी मूळ असलेली कुटुंबे मोठ्या संख्येने होती. त्या प्रकरणावरून जानेवारी 2021 मध्ये सरकारने राजीनामा दिला, आणि अशा कुटुंबांतील हजाराहून अधिक मुले घराबाहेर ठेवली गेल्याचेही नंतर उघड झाले. ही कामे करणाऱ्यांपैकी अनेकांची आपण मुलांचे भलेच करत आहोत, अशी श्रद्धा होती. म्हणूनच ‘मी केवळ मुलांसाठी काम करीन’ हे तुमचे वाक्य मला पुरेसे वाटत नाही. त्याला ‘मी कोणाच्या नजरेने पाहते आहे’ या प्रश्नाची जोड हवी, आणि तो प्रश्न प्रत्येक प्रकरणात नव्याने विचारावा लागतो.

हे क्षेत्र तुमच्यासाठी आहे का, ते ओळखण्याची माझी कसोटी सोपी नाही. मुलांविषयी माया असणे आवश्यक आहे, पण ती अनेकांकडे असते. अपुऱ्या माहितीवर निर्णय घेऊन, तो लेखी नोंदवून, नवी माहिती मिळताच स्वतःचेच मत उघडपणे बदलण्याची तयारी मात्र कमी जणांकडे असते. ज्या वडिलांनी मुलाला मारले आहे, त्यांच्यासमोर बसून त्यांचे म्हणणे पूर्ण ऐकता यावे आणि तरीही मुलाला एकट्याने भेटण्याचा आग्रह सोडू नये, हे दोन्ही जमायला हवे. पहिल्या वर्षाच्या क्षेत्रकार्यात हे तुम्हाला स्वतःविषयी कळेल. त्यासाठी क्षेत्रकार्य शक्य असल्यास बालगृहापेक्षा कुटुंबांसोबत काम करणाऱ्या संस्थेत मागून घ्या, कारण बालगृहात मूल दिसते, पण ज्या घरातून ते आले ते घर दिसत नाही.

वडिलांना माझ्या वतीने एवढे सांगा की, ठपक्याची भीती रास्त आहे, आणि तिच्यावरचा उपाय धाडसात नसून कामाच्या व्यवस्थेत आहे. आयलीन मन्रो यांनी 2011 मध्ये इंग्लंडच्या व्यवस्थेचा जो आढावा घेतला, त्यात नियम आणि अर्ज भरण्याच्या ओझ्याने कार्यकर्त्यांचा कुटुंबांसोबतचा वेळ आणि व्यावसायिक विवेक दोन्ही आटत असल्याचे दाखवले होते. म्हणून पहिली नोकरी घेताना पगाराआधी चौकशी करा ती एका कार्यकर्तीकडे किती प्रकरणे असतात याची. अनुभवी पर्यवेक्षक ठरलेल्या वेळी बसून प्रकरणांची चर्चा करतो का, की केवळ मुदती विचारतो? मूल काढण्याचा निर्णय एकटीवर सोडला जातो का? आधीची व्यक्ती नोकरी सोडून का गेली? या प्रश्नांची उत्तरे टाळणाऱ्या संस्थेत, ती कितीही नावाजलेली असली तरी, पहिली दोन वर्षे काढू नका.

कायद्याविषयी : दुसरी पूर्ण पदवी आत्ता घेऊ नका. समाजकार्याच्या अभ्यासक्रमातच बालहक्क कायदा आणि कौटुंबिक कायदा हे विषय निवडा, आणि बालकांची प्रकरणे चालवणाऱ्या एखाद्या वकिलाकडे सुट्टीत उमेदवारी करा. स्वतःचा अहवाल उलटतपासणीत कसा टिकतो किंवा कसा कोसळतो, हे तेथे बसून ऐकल्यानंतरही कायद्याची ओढ कायम राहिली, तर ती पदवी नोकरीच्या तिसऱ्या-चौथ्या वर्षी घेणे अधिक उपयोगाचे ठरेल. तोवर आपल्याला नेमके कोणत्या न्यायालयात, कोणाच्या बाजूने उभे राहायचे आहे, हे तुम्हाला ठाऊक झालेले असेल.