‘टोळीचा सरदार’ की ‘राष्ट्राचे प्रमुख’?

प्रश्न असा आहे: चेरोकी या अमेरिकेतल्या मूळ रहिवासी समाजाचे नेते रॉस स्विमर यांच्याबद्दलच्या मराठी टिपणात त्यांना ‘चेरोकी टोळीचा सरदार आणि वकील’ म्हटलं आहे. ‘टोळी’ कानाला खटकते, पण मग लिहायचं काय?

खटकते ते योग्यच आहे. मराठीत टोळी जमते आणि पांगते. ऊसतोडीची टोळी मुकादमाकडून उचल घेऊन कारखान्यावर जाते, पट्टा पडला की आपापल्या गावी परतते. दरोडेखोरांचीही टोळीच. चेरोकींनी तर 1827 साली लेखी संविधान केलं. त्यांची न्यायालयं होती, स्वतःच्या लिपीत छापलेलं वर्तमानपत्र होतं. याला टोळी म्हणणं मला अन्यायाचं वाटतं.

‘जमात’ चालेल, पण लोकांपुरती. कारण चेरोकींची आज तीन वेगवेगळी मान्यताप्राप्त सरकारं आहेत, दोन ओक्लाहोमात आणि एक नॉर्थ कॅरोलायनात. स्विमर त्यांतल्या एकाचे, टालेक्वा ही राजधानी असलेल्या ‘चेरोकी नेशन’चे. त्या नावातच ‘राष्ट्र’ आहे. ते आपण का गाळायचं?

आता ‘सरदार’. सरदारकी वरून मिळते. शिंदे-होळकरांना ती पेशव्यांकडून मिळाली, सरंजामासकट; रयतेनं मतं देऊन नव्हे. गंमत म्हणजे चेरोकींच्या इतिहासात एक काळ असा आहे, जिथे हा शब्द थोडाफार बसेल. ओक्लाहोमा 1907 मध्ये राज्य झालं, त्यानंतर कित्येक दशकं त्यांचा प्रमुख अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष नेमत असे. कधी तर एखाद्या कागदावर सही करण्यापुरता, एका दिवसासाठी. 1949 साली डब्ल्यू. डब्ल्यू. कीलर यांना ट्रूमन यांनी नेमलं. 1970 च्या कायद्यानं निवडणुकीचा हक्क परत मिळाला आणि 1971 मध्ये तेच कीलर मतांवर निवडून आले. माणूस एकच, पण या नेमणुकीला आणि या निवडीला मराठीत एकच शब्द वापरला तर मधला सगळा झगडा पुसला जातो.

स्विमर या झगड्यानंतरचे. 1972 मध्ये ते चेरोकी नेशनचे कायदा सल्लागार झाले, 1975 मध्ये निवडून आले, पुढे आणखी दोनदा. त्यांच्याच पहिल्या कारकिर्दीत, 1976 साली, मतदारांनी नवं संविधान मंजूर केलं. 1985 मध्ये रेगन सरकारात ‘इंडियन’ म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांच्या व्यवहारांचे सहायक सचिव म्हणून ते वॉशिंग्टनला गेले. (खातं इंटिरियरचं, म्हणजे सरकारी जमिनी आणि नैसर्गिक संपत्ती सांभाळणारं; त्याला ‘गृह’ लिहू नये, आपलं गृहखातं म्हणजे पोलीस.) त्यांच्या जागी आल्या उपप्रमुख विल्मा मॅनकिलर, या पदावरच्या पहिल्या महिला. ‘उपसरदार’ लिहून बघा, पेनच अडखळतं. ‘प्रमुख–उपप्रमुख’ ही जोडी मात्र सहज लागते.

‘वकील’ राहू द्या, फक्त त्याची जागा बदला. मी असं लिहीन: ‘पेशानं वकील असलेले रॉस स्विमर 1975 ते 1985 या काळात चेरोकी राष्ट्राचे निर्वाचित प्रमुख होते.’