पॉट रोस्ट वातड का होतो?

प्रश्न: ताई, मी शिकागोला असते, इथे बीफचा चक रोस्ट बाकीच्यापेक्षा स्वस्त मिळतो म्हणून आणला, त्याचा पॉट रोस्ट (झाकण लावून थोड्या रसात मंद शिजवलेला मांसाचा मोठा तुकडा) केला, दोन तास शिजवला तरी वातडच! नवरा म्हणतो जास्त शिजला म्हणून असं झालं. खरंय का?

उत्तर: अगं उलट, कमी शिजलाय तो! चक म्हणजे खांद्याचा भाग, चालताना सगळा जोर त्यावर, म्हणून कोलॅजन (मांसाला चिवट करणारं प्रथिन) भरपूर, ते विरघळून मऊ, जेलीसारखं जिलेटिन व्हायला वेळ लागतोच आणि ते झालं की मांस काट्याने सुटतं. ३ पौंडांचा तुकडा कागदाने कोरडा कर, मीठ-मिरी लाव, जाड बुडाच्या भांड्यात सगळ्या बाजूंनी मस्त तपकिरी भाज (हे अजिबात टाळू नकोस, चव इथेच येते), मग कांदा, लसूण, तमालपत्र आणि मांसाच्या अर्ध्या उंचीपर्यंत स्टॉक (हाडं किंवा भाज्या उकळून गाळलेलं पाणी). झाकण लावून ओव्हनमध्ये ३०० फॅरनहाइटला ३ ते साडेतीन तास. गॅसवर करणार असशील तर रस नुसता हलका बुडबुडला पाहिजे, खळखळ उकळलास तर मांस चोथ्यासारखं लागतं. गाजर-बटाटे शेवटच्या तासात, नाहीतर लगदा होतो. कापताना धाग्यांना आडवं काप हं.